माहितीपटाच्या छायालेखकाची शैली कशातून घडते, आणि नागपुरात राहून हे काम करता येते का?

तुमच्या प्रश्नाचे दोन भाग आहेत. नागपुरात लग्नसमारंभांचे आणि संस्थांच्या कार्यक्रमांचे चित्रीकरण करून तुमचा हात बसला आहे आणि आता माहितीपटांकडे वळायचे आहे. तेव्हा हे क्षेत्र प्रत्यक्षात कसे चालते आणि मुंबईला न जाता त्यात टिकता येते का, हा पहिला भाग. दुसरा भाग अधिक अवघड आहे. माहितीपटात प्रसंग आपण घडवत नाही, प्रकाश आपण ठरवत नाही, माणसे आपल्या सांगण्यावरून उभी राहत नाहीत. मग छायालेखकाची म्हणून वेगळी दृश्यशैली उरते तरी कोणती? मी दुसऱ्या भागापासून सुरुवात करतो, कारण पहिल्याचे उत्तर बरेचसे त्यावर अवलंबून आहे.

दृश्यशैली म्हटले की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर रंगांची विशिष्ट छटा, पार्श्वभूमी धूसर करणारी लेन्स, गिंबलवरची (कॅमेरा चालतानाही स्थिर ठेवणाऱ्या साधनावरची) तरंगती हालचाल अशा गोष्टी येतात. त्यांना माझा विरोध नाही, पण त्या विकत किंवा भाड्याने मिळतात आणि उद्या कोणालाही मिळतील. माहितीपटाच्या छायालेखकाची ओळख पटते ती दोन निर्णयांवरून: तो समोरच्या माणसापासून किती अंतरावर उभा राहिला, आणि तिथे किती वेळ थांबला. लेन्सची निवड, कॅमेऱ्याची उंची, आवाजाची प्रत, फ्रेमची घडण हे सगळे पुष्कळ अंशी या दोन निर्णयांच्या मागून येते. चित्रीकरणाच्या एका दिवसात हे निर्णय असंख्य वेळा, बहुतेकदा विचाराला सवड न मिळता घ्यावे लागतात, आणि वर्षानुवर्षे ते एका धाटणीने होऊ लागले की पाहणाऱ्याला त्या चित्रांमागे एक माणूस जाणवू लागतो.

याचे सर्वांत स्पष्ट उदाहरण म्हणून मी अमेरिकन छायालेखिका कर्स्टन जॉन्सन यांचे नाव घेईन. त्यांनी दीर्घकाळ इतर दिग्दर्शकांसाठी कॅमेरा चालवला. ‘फॅरनहाइट ९/११’ (२००४) आणि ‘सिटिझनफोर’ (२०१४) या माहितीपटांच्या छायालेखकांमध्ये त्यांचे नाव आहे. २०१६ मध्ये त्यांनी ‘कॅमेरापर्सन’ हा स्वतःचा माहितीपट केला, तो मुख्यतः दुसऱ्यांसाठी टिपलेल्या चित्रफितींमधून. बोस्नियातील एक कुटुंब, नायजेरियातील प्रसूतिगृहात काम करणारी सुईण, ब्रुकलिनचा तरुण मुष्टियोद्धा आणि अल्झायमर झालेली स्वतःची आई, यांची दृश्ये त्यात निवेदनाशिवाय शेजारी शेजारी येतात. सुरुवातीच्या एका दृश्यात दूरवर वीज चमकते, कॅमेऱ्यामागे त्या शिंकतात आणि फ्रेम हादरते. संकलक एरवी कापून टाकेल असा तो क्षण तिथे मुद्दाम ठेवलेला आहे. देश वेगळे, दिग्दर्शक वेगळे, कॅमेरेही वेगळे, तरीही दृश्यांमागची नजर एकच आहे हे काही मिनिटांतच कळते. बोलून झाल्यावर गप्प बसलेल्या माणसावर ती नजर रेंगाळते, कामात गुंतलेल्या हातांकडे वळते आणि रडणाऱ्या चेहऱ्याच्या फार जवळ सहसा जात नाही. ज्याला माहितीपटाच्या छायालेखकाची कारकीर्द समजून घ्यायची आहे त्याने हा माहितीपट एकदा कथेसाठी आणि दुसऱ्यांदा केवळ अंतरांसाठी पाहावा.

अंतराचा प्रश्न कॅमेऱ्याच्या वजनाशी आणि आवाजाच्या सोयीशीही जोडलेला आहे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीचा सामना चित्रित केला, तेव्हाचा कॅमेरा तिवईवर एका जागी उभा राहणारा होता. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या, सरकारी माहितीपट बनवणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनच्या सुरुवातीच्या अनेक अनुबोधपटांत चित्र आधी टिपले जाई आणि अर्थ निवेदक नंतर सांगे. माणसे दिसत, पण क्वचितच स्वतःच्या आवाजात बोलत. १९६०च्या आसपास अमेरिकेत आणि फ्रान्समध्ये खांद्यावर घेता येतील असे १६ मिलिमीटरचे कॅमेरे आणि त्यांच्या जोडीने चालणारी हलकी ध्वनिमुद्रण यंत्रे वापरात आली, आणि छायालेखक माणसाच्या मागोमाग स्वयंपाकघरात, गाडीत, सभागृहाच्या मागच्या खोलीत जाऊ लागला. तेव्हापासून या कामात ऐकणे पाहण्याइतकेच महत्त्वाचे झाले, कारण वाक्य कुठे संपणार आहे हे ज्याला ऐकून कळते त्यालाच कॅमेरा कधी वळवायचा ते कळते. त्या काळी ४०० फुटांचे रीळ २४ फ्रेमच्या गतीने सुमारे ११ मिनिटे चालत असे, म्हणून कॅमेरा केव्हा सुरू करायचा हा निर्णय महाग होता. आता कार्डावर तासन् तास मावतात आणि तो निर्णय पुढे ढकलला जातो. तुम्ही लग्नाच्या कामातून येत आहात, म्हणून हे विशेष सांगतो: सतत रेकॉर्डिंग चालू ठेवण्याची सवय माहितीपटात उपयोगाची नसते. जिथे शॉट सुरू झाला ती फ्रेम आणि जिथे तो संपला ती फ्रेम, या दोन्ही आपण ठरवलेल्या असल्या पाहिजेत, आणि माणूस फ्रेममधून बाहेर गेल्यावरही रिकामी जागा काही क्षण टिपलेली असली पाहिजे. संकलकाला त्या क्षणांचीच गरज लागते.

आता विदर्भाकडे येतो, कारण शैली आणि ज्ञान यांचा संबंध इथे फार स्पष्ट दिसतो. आपल्या भागातील शेतीवर बाहेरून येणारे पथक पहिल्या दिवशी जमिनीला पडलेल्या भेगांचा शॉट मागते, आणि पडद्यावर तो दुष्काळाची खूण म्हणून वापरला जातो. वस्तुस्थिती अशी आहे की काळ्या कापसाच्या जमिनीतील चिकणमाती पाणी शोषून फुगते आणि वाळली की आकसते. त्यामुळे पाऊसपाणी उत्तम झालेल्या वर्षीही एप्रिल-मे महिन्यांत शेताला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. वरची सुटी माती त्या भेगांत पडत राहते आणि जमिनीची उलथापालथ आपोआप होते. शेतकरी त्या भेगांकडे संकट म्हणून पाहत नाही. तेव्हा तो शॉट कितीही देखणा घेतला तरी त्या ठिकाणी तो खोटा ठरतो, आणि तो खोटेपणा दिग्दर्शकाला समजावून सांगण्याची जबाबदारी मी छायालेखकाची मानतो. नागपूरच्या छायालेखकाला मुंबई-दिल्लीच्या छायालेखकापेक्षा जे जास्त ठाऊक असू शकते ते हेच आहे: कोणती गोष्ट इथे नेहमीची आहे आणि कोणती खरोखर वेगळी आहे.

हाच विचार कॅमेऱ्याच्या उंचीला लागू होतो. कर्ता पुरुष आत्महत्येने गेलेल्या शेतकरी घरांमध्ये चित्रीकरण करण्याचे काम विदर्भातील बहुतेक छायालेखकांच्या वाट्याला कधी ना कधी येते. त्याचा एक साचा होऊन बसला आहे: भिंतीवरचा हार घातलेला फोटो, खाली बसलेली पत्नी, वरून खाली पाहणारा कॅमेरा, आणि तिच्या डोळ्यांत पाणी येईपर्यंत हळूहळू पुढे सरकणारा झूम. या साच्याला माझा तीव्र आक्षेप आहे. उभ्या माणसाने बसलेल्या माणसाकडे पाहिले की पाहण्यातच दया येते, आणि दयेने पाहिलेला माणूस पडद्यावर लहान दिसतो. ती जमिनीवर बसली असेल तर आपणही जमिनीवर बसावे, लेन्स तिच्या डोळ्यांच्या पातळीवर किंवा बोटभर खाली ठेवावी, आणि पहिल्या भेटीत कॅमेरा पिशवीतून काढूच नये. बहुतेकदा ती स्त्री त्यानंतर शेत स्वतः कसत असते, बँकेत जात असते, निंदणाला मजूर लावत असते. ते काम टिपायला परवानगी मिळाली तर मुलाखतीपेक्षा ते कितीतरी अधिक सांगते. मुलाखत घ्यायचीच असेल तर साधारण चार-पाच फुटांवर बसून, फुल फ्रेम कॅमेऱ्यावर ३५ ते ५० मिलिमीटरच्या लेन्सने घ्यावी. त्या अंतरावरून बोलणाऱ्याला आपला चेहरा दिसतो आणि तो माणसाशी बोलतो आहे असे त्याला वाटत राहते. दूर उभे राहून २०० मिलिमीटरने घेतलेला तोच क्लोजअप तांत्रिकदृष्ट्या अधिक मोहक असेल, पण त्यातला माणूस लपून पाहिल्यासारखा दिसतो. चित्रीकरण थांबवायला सांगण्याचा अधिकार तिला आहे हे सुरुवातीला स्पष्ट शब्दांत सांगावे, आणि ती थांबवा म्हणाली तर तिच्यासमोर रेकॉर्डिंग बंद करावे.

प्रकाशाविषयी थोडे विस्ताराने लिहितो, कारण इथला प्रकाश ज्याला कळला त्याची निम्मी शैली आपोआप घडते. नागपूर २१.१५ उत्तर अक्षांशाच्या आसपास आहे. त्यामुळे मे महिन्याच्या अखेरच्या आठवड्यात, म्हणजे नेमका नवतपा (उन्हाळ्यातले सर्वांत तापते मानले जाणारे नऊ दिवस) सुरू होतो त्या दिवसांत, भरदुपारी सूर्य अगदी डोक्यावर येतो आणि उभ्या खांबाची सावली त्याच्या पायाशीच विरते. अशा प्रकाशात माणसाच्या डोळ्यांच्या खोबणी काळ्या होतात, नाकाची सावली ओठांवर पडते आणि डोक्यावर दुपट्टा किंवा टोपी असेल तर चेहराच हरवतो. खालून पांढरा रिफ्लेक्टर लावून ती सावली भरण्याचा सल्ला सर्रास दिला जातो. मी तो टाळतो, कारण खालून येणारा उजेड चेहऱ्याला अनैसर्गिक करतो आणि समोरच्या माणसाचे डोळे दिपतात. इथली माणसे स्वतः काय करतात ते पाहावे. उन्हाळ्यात शेतातले, बांधकामावरचे, वीटभट्टीवरचे काम पहाटे उजाडताच सुरू होते आणि ऊन चढले की माणसे कडुनिंबाखाली, ओसरीत, छपराखाली येतात. मे अखेरीस साडेपाचच्या सुमारास उजाडते. तेव्हापासून साडेआठपर्यंत प्रकाशही तिरका असतो आणि कामही चालू असते. दुपारी सगळे सावलीत असतात, आणि ओसरीच्या कडेला बसलेल्या माणसावर अंगणातून परतून येणारा प्रकाश हा मला मिळालेला सर्वांत सुंदर प्रकाश आहे. मात्र अंगण कशाचे आहे ते बघावे लागते. शेणाने सारवलेले किंवा पांढुरक्या मातीचे अंगण उजेड परत देते, काळी माती जवळजवळ काहीच देत नाही, आणि कन्हान नदीच्या वाळूवर उजेड इतका उसळतो की सावल्या पातळ होतात.

हिवाळ्यात हे गणित पार बदलते. डिसेंबरच्या उत्तरार्धात दुपारी बारालासुद्धा सूर्य क्षितिजापासून जेमतेम ४५ अंशांवर असतो, त्यामुळे जवळजवळ दिवसभर काम करता येते आणि सावल्यांना लांबी व आकार मिळतो. दिग्दर्शकाला वेळापत्रक ठरवताना ही गोष्ट सांगा. मुलाखती आणि घरातली दृश्ये उन्हाळ्यात, आणि शिवारातली, रस्त्यावरची दृश्ये शक्य तिथे हिवाळ्यात, अशी विभागणी केल्याने जे साधते ते कोणत्याही दिव्यांनी साधत नाही. अर्थात विषयच उन्हाचा असेल तर भरदुपारचा तो कठोर प्रकाश टाळणे चुकीचे ठरेल. तिथे चेहरा काळवंडू द्यावा.

उन्हात काम करताना एक्सपोजरचे साधे गणित पाठ असले पाहिजे. भारतात वीज ५० हर्ट्झची असल्याने आपण सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० सेकंदाचे शटर ठेवतो. अनेक कॅमेऱ्यांत लॉगमध्ये (उजेड-सावलीचा तपशील राखणाऱ्या फिक्या चित्रात) रेकॉर्ड करताना आयएसओ, म्हणजे प्रकाशाची संवेदनशीलता, ८०० च्या आसपास राहतो, आणि भर उन्हात लेन्सचे छिद्र एफ/४ वर ठेवून काम करायचे तर सुमारे आठ स्टॉपचा (दर स्टॉपला उजेड निम्मा होतो) एनडी, म्हणजे उजेड कमी करणारा काळसर, फिल्टर लागतो. फिल्टर नाही म्हणून शटर १/२००० वर नेले की चालणाऱ्या माणसाची हालचाल तुटक दिसते आणि चित्रपटभर ती खुपत राहते. तेव्हा लेन्सवर पैसे घालण्याआधी चांगला एनडी घ्या. ट्यूबलाइटचा उजेड सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होतो, म्हणून जुन्या कचेऱ्यांत आणि कारखान्यांत १/५० किंवा १/१०० सोडून दुसऱ्या शटरचा मोह धरू नये.

एक्सपोजरची खरी परीक्षा मात्र कापसाच्या हंगामात होते. दिवाळीच्या आगेमागे वेचणी सुरू झाली की जिनिंगच्या (कापसातून सरकी वेगळी करणाऱ्या कारखान्याच्या) आवारात पांढऱ्या कापसाचे डोंगर उभे राहतात आणि त्यांच्यासमोर उन्हाने रापलेल्या, सावळ्या चेहऱ्यांची माणसे काम करत असतात. कॅमेऱ्याचा स्वयंचलित मीटर पांढऱ्याला भुलतो, सगळी फ्रेम गडद करतो आणि माणसांचे चेहरे काळ्या ठिपक्यांसारखे होतात. कापसाचा तपशील वाचवायचा की माणसाचा, असा प्रश्न तिथे उभा राहतो. माझे उत्तर नेहमी माणूस हेच आहे. झेब्रा (फार उजळ भागावर पट्ट्या दाखवणारी सोय) ९५ टक्क्यांवर लावून कापसाचा फक्त उन्हातला सर्वांत उजळ भाग पट्ट्यांत जाऊ द्यावा, आणि चेहऱ्यावरचा उजळ भाग किती टक्क्यांवर येतो ते वेव्हफॉर्मवर, म्हणजे फ्रेममधल्या उजेडाच्या आलेखावर, पाहावे. सावळ्या त्वचेला गोऱ्या त्वचेच्या पातळीपर्यंत ओढण्याची गरज नसते. तिची चमक आणि पोत टिकवायचा असतो, आणि त्यासाठी समोरून पडणाऱ्या सपाट उजेडापेक्षा बाजूने येणारा मोठा, मऊ उजेड लागतो. तो उजेड त्या आवारात आयताच असतो. कामगाराचा चेहरा ढिगाकडे वळलेला असेल अशी जागा आपण धरली तर तो उन्हातला ढीगच प्रचंड रिफ्लेक्टर होतो, चेहरा उजळतो आणि कापूस फ्रेममध्ये फक्त कडेला येतो. म्हणजे जागा बदलून जे होते ते सेटिंग बदलून होत नाही. जिनिंगच्या आत तंतू सतत उडत असतात, त्यामुळे आत लेन्स बदलू नये, एकच २४–१०५ सारखी झूम लेन्स लावून शिरावे. तापणारे दिवे तर तिथे नेऊच नयेत, कारण कापसाला आग लागायला वेळ लागत नाही.

गर्दीत अंतराचा निर्णय सर्वांत कठीण होतो. नागपूरची मारबतीची, म्हणजे अनिष्टाचे प्रतीक मानलेल्या पुतळ्यांची मिरवणूक, जी १८८०च्या दशकापासून पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी निघते, ती टिपायला दरवर्षी कॅमेरे येतात, आणि बहुतेकांच्या फुटेजमध्ये तेच ते दिसते: गच्चीवरून घेतलेली गर्दी, काळी आणि पिवळी मारबत समोरासमोर येतात तो क्षण, मग दहन. गच्चीवरचा शॉट लागतोच, मी तो नाकारत नाही, पण त्यातून ‘घेऊन जा गे मारबत’ असे ओरडणाऱ्या माणसाच्या घशातली शीर दिसत नाही. ती दिसायला इतवारीच्या गल्लीत २४ किंवा २८ मिलिमीटरची लेन्स लावून माणसांच्या खांद्याला खांदा लावून चालावे लागते, आणि तिथे टिकून राहायचे तर आदल्या दिवसांत त्या गल्लीतल्या लोकांशी ओळख झालेली असावी लागते. मला स्वतःला मिरवणुकीपेक्षा तिच्या आधीचे दिवस अधिक समृद्ध वाटतात. बांबूच्या कामट्यांवर कागद चिकटवून, रंगवून पुतळा उभा करणारे हात, बडग्यांवर (मिरवणुकीतल्या उपहासाच्या पुतळ्यांवर) यंदा कोणावर टीका लिहायची यावरचे वाद, लहान मुलांची लुडबूड, हे सगळे शांतपणे, ट्रायपॉडवर, पुरेसा वेळ देऊन टिपता येते. मिरवणुकीच्या दिवशी मग गर्दीतले चार चेहरे आपल्या ओळखीचे असतात आणि कॅमेरा आपोआप त्यांच्यामागे जातो.

आवाज आणि रंग यांविषयी थोडक्यात. लहान पथकात ध्वनिमुद्रक नसेल तर बोलणाऱ्याच्या कपड्याला लॅपल माइक लावा, कॅमेऱ्यावर दिशादर्शी माइक ठेवा आणि एका कानात हेडफोन कायम असू द्या. पडद्यावर धूसर चित्र क्षम्य ठरते, न ऐकू येणारे वाक्य कधीही नाही. रंगांच्या बाबतीत १०-बिट (रंगांच्या अधिक छटा नोंदवणारे) रेकॉर्डिंग करा, व्हाइट बॅलन्स, म्हणजे पांढरा रंग पांढराच दिसण्याची जुळणी, स्वयंचलित ठेवू नका, आणि रंगांचा तयार ‘लूक’ लावण्याआधी काळ्या मातीचा रंग काळाच राहिला आहे ना, एवढे तपासा. ऊन ४५ अंशांच्या पुढे जाते तेव्हा लक्षात ठेवा की बहुसंख्य कॅमेरे ४० अंशांपर्यंतच चालवण्यासाठी बनवलेले असतात. कॅमेऱ्यावर पांढरे कापड ठेवावे, दोन शॉटांच्या मध्ये तो बंद करावा आणि बॅटऱ्या गाडीत ठेवू नयेत.

आता कारकिर्दीविषयी. या क्षेत्रात येण्याचा ठरलेला एक रस्ता नाही. पुण्याची १९६० मध्ये सुरू झालेली फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया किंवा कोलकात्याची सत्यजित राय यांच्या नावाची संस्था येथील छायाचित्रणाचा अभ्यासक्रम उत्तमच, आणि वय व परिस्थिती अनुकूल असेल तर प्रवेशपरीक्षा जरूर द्यावी. पण माहितीपटांत मी असे अनेक सहकारी पाहिले आहेत जे वृत्तवाहिन्यांतून, छायाचित्र-पत्रकारितेतून, नाटकाच्या प्रकाशयोजनेतून आणि तुमच्यासारखे लग्नाच्या कामातून आले. लग्नाचे काम कमी लेखू नका. बदलत्या उजेडात न थांबता काम करणे, भावनिक क्षण येण्याआधी त्याची चाहूल लागणे, अनोळखी घरात अदबीने वावरणे हे सगळे तिथे शिकले जाते. त्यातून सोडायचे असते ते एवढेच, की प्रत्येक दृश्य सुंदर करण्याची आणि प्रत्येक हालचाल संथगतीत दाखवण्याची ओढ.

नागपुरात राहून उत्पन्न कशातून होते? सामाजिक संस्थांच्या कामाच्या नोंदी, कृषी आणि आरोग्यविषयक प्रशिक्षणपट, संशोधन संस्थांसाठीचे चित्रीकरण, हिवाळी अधिवेशनाच्या काळात वाहिन्यांची कामे, आणि बाहेरून येणाऱ्या दिग्दर्शकांसाठी विदर्भातले चित्रीकरण. केवळ माहितीपटांवर घर चालवणारे छायालेखक देशभरातच कमी आहेत. बहुतेकजण अशी दुसरी कामे जोडीने करतात आणि त्यात कमीपणा मानण्याचे काही कारण नाही. वरच्या यादीतला शेवटचा प्रकार, म्हणजे बाहेरच्या दिग्दर्शकांसाठीचे काम, तुमच्यासाठी सर्वांत महत्त्वाचा आहे. नागपूर देशाच्या मध्यावर आहे. पेंच आणि ताडोबाची जंगले, कोळशाच्या खाणी, कोराडीचे औष्णिक वीजकेंद्र, कापसाचा आणि संत्र्यांचा पट्टा, दीक्षाभूमी, झाडीपट्टीची रंगभूमी, पूर्व विदर्भातले मामा (माजी मालगुजारी) तलाव, हे सगळे इथून काही तासांच्या अंतरात आहे. या विषयांवर काम करणाऱ्यांना इथला, इथली बोली बोलणारा, ऋतू आणि रस्ते माहीत असलेला छायालेखक हवा असतो. सुरुवातीला तुम्हाला दुसऱ्या कॅमेऱ्यावर किंवा सहायक म्हणून बोलावतील. ते काम घ्या आणि मुख्य छायालेखक कुठे उभा राहतो ते पाहत राहा. मुंबईला काही काळ साहाय्य करण्यासाठी जाणे उपयुक्त आहे, तिथे कायमचे राहणे या कामासाठी आवश्यक नाही. १९९० पासून होत आलेल्या मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाला आणि तिरुवनंतपुरमच्या माहितीपट व लघुपट महोत्सवाला मात्र स्वखर्चाने जावे, कारण दिग्दर्शकांशी ओळखी तिथे होतात आणि पडद्यावर पाहिलेल्या कामाविषयी त्या कामाच्या छायालेखकाशीच बोलता येते.

वन्यजीव चित्रीकरण हे मी वेगळे क्षेत्र मानतो. त्यातील लांब पल्ल्याच्या लेन्स, वनविभागाच्या परवानग्या, ऊन चढल्यावर हवेत उठणाऱ्या लहरींमुळे दूरचा शॉट थरथरणे, पावसाळ्यात गाभाक्षेत्र बंद असणे, या गोष्टींचा अभ्यास स्वतंत्रपणे करावा लागतो, आणि केवळ जंगल जवळ आहे म्हणून त्यात शिरू नये. ड्रोनविषयीही तसेच: ‘ड्रोन नियम, २०२१’ वाचल्याशिवाय आणि नकाशावर क्षेत्र तपासल्याशिवाय तो उडवू नये, विमानतळाच्या परिसरात आणि जंगलात तर मुळीच नाही.

व्यवहाराच्या दोन बाबी शिकाऊ काळातच अंगवळणी पाडाव्यात. पहिली फुटेजच्या सुरक्षिततेची. १०० मेगाबिट प्रतिसेकंद या दराने एका तासाचे सुमारे ४५ जीबी होतात. दिवसाचे पाच-सहा तास धरले तर पाव टीबीच्या आसपास जागा लागते, आणि ती दोन स्वतंत्र डिस्कवर लागते. दोन्ही प्रती उघडून पाहिल्याशिवाय कार्ड पुसू नये, आणि दोन्ही डिस्क एकाच पिशवीतून प्रवासाला नेऊ नयेत. दुसरी बाब कराराची. भारतीय कॉपीराइट कायदा, १९५७ नुसार चित्रपटाचा कर्ता निर्माता असतो. म्हणजे तुम्ही टिपलेल्या चित्रांवर, वेगळा लेखी करार नसेल तर, तुमचा हक्क गृहीत धरता येत नाही. म्हणून काम सुरू होण्याआधी दिवसाचा मोबदला, उपकरणांचे भाडे वेगळे की त्यातच, प्रवास आणि राहणे, श्रेयनामावलीतील नेमका उल्लेख, आणि प्रदर्शनानंतर काही मिनिटांचे फुटेज स्वतःच्या शोरीलमध्ये (कामाचा नमुना दाखवणाऱ्या चित्रफितीत) वापरण्याची परवानगी, एवढे एका पानावर लिहून घ्यावे. ‘कॅमेरापर्सन’सारखा माहितीपट शक्य झाला तोदेखील ज्यांच्यासाठी ते चित्रीकरण केले होते त्यांनी वापराला संमती दिली म्हणूनच.

शोरीलसाठी तुमच्याकडे आज लग्नांचेच फुटेज आहे, म्हणून नवे काम स्वतःच सुरू करा. इतवारीतला एखादा विणकर, कळमन्याच्या बाजारात पहाटे संत्र्यांच्या पेट्या उतरवणारा हमाल, पाळीवर जाणारी परिचारिका, असे एकच माणूस निवडा, ज्याच्या कामाच्या जागी तुम्हाला पुन्हा पुन्हा जाता येईल आणि ज्याची मनापासून संमती असेल. पार्श्वसंगीत आणि निवेदन न लावता, एकाच लेन्सने, त्या माणसाच्या कामाचा आठ-दहा मिनिटांचा पट तयार करा. तीन मिनिटांत साठ शॉट दाखवणाऱ्या शोरीलपेक्षा असा पट दिग्दर्शक अधिक लक्षपूर्वक पाहतात. तुम्ही कुठे उभे राहता, बोलणे थांबल्यावर कॅमेरा लगेच बंद करता की नाही, आणि हात काम करत असताना चेहऱ्याकडे केव्हा वळता, हे त्यात त्यांना दिसते, आणि बोलावायचे की नाही ते त्यावरून ठरते.